सहाजणींची एक चूल

जुलेखा खोटं लिहायला तयार होती, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. नाहीतर पुढचं ऐकून कुणीतरी तिला सत्यवचनी वगैरे ठरवायचं, आणि ती काही तसली बाई नव्हती. पोटच्या पोरीसाठी तिने एका कागदावर काय, शंभर कागदांवर खोटं लिहिलं असतं. अडलं ते वेगळ्याच ठिकाणी.

आखातात, रास अल खैमातल्या एका मोठ्या हॉटेलच्या लाँड्रीत ती कामाला होती. कामगार बायकांची राहायची इमारत गावाबाहेर, सिमेंट फॅक्टरीच्या रस्त्याला. तिथल्या चौदा नंबरच्या खोलीत सहाजणी. जुलेखा दाभोळजवळची. लिली वसईची, लिनन रूमच्या कॉम्प्युटरवर बसायची, म्हणून खोलीतलं सगळं इंग्रजी तिच्या गळ्यात. मैमुनाबी श्रीवर्धनची, पन्नाशी उलटलेली, खोलीतली थोरली. रखमी तुंबडा जव्हारकडच्या एका पाड्यावरची, वारली, दिवसाला दहा वाक्यं बोलली तर पुष्कळ. उरलेल्या दोघी, करेन आणि शुभ्रा. त्या भांडायच्या फक्त बाथरूमच्या नंबरावरून, एरवी मनाने चांगल्या.

या सहाजणींची चूल एक. चूल म्हणजे कोपऱ्यातली दोन बर्नरची शेगडी आणि मैमुनाबीने बर दुबईच्या बाजारातून बसमधून मांडीवर घेऊन आणलेली डेग, म्हणजे मोठं पातेलं. मैमुनाबी रांधायची, रखमी भाकऱ्या थापायची, सुटीवरून येणारीच्या बॅगेतून वसईचे बोंबील नाहीतर दाभोळचं सुकट यायचं. ईस्टरआधीच्या चाळीस दिवसांत शुक्रवारी खोलीत मटण शिजत नसे, आणि रमझानात रोजे नसलेल्या चौघी दुपारचा डबा बाहेर जिन्यात बसून खात. असं करा म्हणून कुणी कुणाला सांगितलं नव्हतं.

तर झालं असं, की फोन कंपनीने एक योजना काढली. कमी पगाराच्या घरांना इंटरनेट स्वस्त. शंभर दिरहमचा महिन्याचा पॅक तीसला. म्हणजे आपल्या रुपयांत चोवीसशेचा सातशे वीसला, असं लिली मोठ्याने म्हणाली आणि सगळ्या तिच्या पलंगाभोवती गोळा झाल्या. सहा फॉर्म आले. लिलीने एकेक प्रश्न मराठीत करून सांगितला. सातवा प्रश्न होता, या पत्त्यावर राहणारी माणसं स्वयंपाक एकत्र करतात का, एकत्र जेवतात का?

"हा काय प्रश्न झाला?" मैमुनाबी म्हणाली. "लिही होय. कुणाला दृष्ट लागायची असेल तर लागू दे."

बायका हसल्या. अभिमानाने सहा फॉर्मांवर सहा वेळा होय लिहिलं गेलं. अशी चूक जगात दुसऱ्या कुणी केली नसती. चार पावसाळे पाहिलेल्या शहाण्या माणसाने आधी विचार केला असता, की हे लोक हे का विचारतायत. या सहाजणींना वाटलं, कुणीतरी कौतुकाने विचारतंय.

आठवड्याने मेसेज आले. लिलीचा अर्ज पास. बाकी पाच नामंजूर. कारण एका ओळीत दिलं होतं. एका घराला एकच सवलत, आणि आपल्या घराला ती मिळालेली आहे.

जुलेखाने तो मेसेज लिलीकडून तीनदा वाचून घेतला आणि मग पलंगावर बसली ती बसलीच.

तिची मुलगी अलिना नऊ वर्षांची. जन्मापासून तिला ऐकू येत नाही. तीन वर्षांपूर्वी नवरा झुबेर वारला, पोरीला भावजय नादियाच्या पदरात टाकून जुलेखा इथे आली. आता इतर बायकांचं ठीक आहे. नेट नसलं तर साधा फोन लावतील, आवाज ऐकतील, आवाज ऐकवतील. जुलेखाच्या आवाजाचा अलिनाला काय उपयोग? मायलेकी बोलायच्या हातांनी. त्यासाठी चित्र हवं, आणि चित्र चालतं हवं. इमारतीचं वायफाय साठ बायकांत एक, ते चार वाक्यांत अडकायचं. शंभराचा पॅक दर महिन्याला परवडत नव्हता. स्वस्तातला छोटा पॅक पहिल्या दहा दिवसांत संपायचा, मग वीस दिवस तेच वायफाय. जुलेखाचा हात वर उचललेला, आणि तिकडे दाभोळला तो हात तसाच थिजलेला. दहा सेकंद, वीस सेकंद. पोर वाट बघायची, मग मान फिरवायची. म्हणून जुलेखाने एक सवय लावून घेतली होती. एक खूण करायची, थांबायचं, चित्र पोचू द्यायचं, मग दुसरी.

प्रत्येक माणसाला अलिनाने आपलं एक खुणेचं नाव दिलं होतं. मामीचं नाव गालावरचा तीळ. आईचं नाव नाकपुडीला बोट, कारण जुलेखाची चमकी. गेल्या महिन्यात नादियाने जरा चाचरत सांगितलं होतं, "आपा, ती आता तुला वेगळंच नाव म्हणते." आणि करून दाखवलं. उघडा पंजा, हवेत धरलेला, न हलणारा.

अडकलेला हात. हे आईचं नाव. जुलेखाने हे खोलीत कुणाला सांगितलं नव्हतं. त्या दिवशी सांगितलं, आणि सांगताना तिला रडू आलं नाही, राग आला. एवढा राग, की मैमुनाबीने पुढे केलेला चहा तिने घेतला नाही.

दुसऱ्या दिवशी ती डॅरिलकडे गेली. डॅरिल इमारतीचा इनचार्ज, तोही वसईचाच, लिलीच्या चर्चमधला. माणूस वाईट नव्हता. फक्त कुठल्याही भानगडीतून बाहेर पडायचा सर्वांत बुटका दरवाजा कुठे आहे, एवढंच त्याला ठाऊक असे.

"अगं, सिंपल आहे," तो म्हणाला. "पाचजणींनी नवा फॉर्म भरा. सातव्याला नो लिहा. प्रत्येकजण आपापलं शिजवते, एकटी खाते. मी वर स्टँप मारतो. खलास."

"मारा," जुलेखा म्हणाली. सांगितलं ना, तयार होती.

"फक्त एक. मी लेखी दिलं की खोलीत एकत्र स्वयंपाक होत नाही, तर ती शेगडी तिथे ठेवता येणार नाही. सेफ्टीवाल्यांनी परमिशन दिलीय ती कॉमन कुकिंगची. उद्या इन्स्पेक्शन आलं तर माझी नोकरी जाईल. शेगडी खाली जमा करा, जेवण मेसमधून घ्या. यल्ला, चला, काय फरक पडतो? जेवणच तर आहे."

मेसचं जेवण म्हणजे पिवळं पाणी आणि भात. पण प्रश्न तो नव्हता. दोन वर्षांपूर्वी जुलेखाला टायफॉइड झाला, तेव्हा मेसवाल्याने रिकामा डबा परत आला नाही म्हणून तिला दंडाची चिठ्ठी पाठवली होती, आणि याच डेगीतली पेज रखमीने चमच्याने तिच्या तोंडात घातली होती. एकवीस दिवस.

तिने कोरे फॉर्म घेतले आणि खोलीत येऊन टेबलावर ठेवले. बायकांनी ऐकलं. कुणी नाही म्हणालं नाही. करेनने तर पेनही काढलं.

"पोरीपेक्षा डेग मोठी नाही," मैमुनाबी म्हणाली. "आण, कुठं सही करू?" आणि तिने शेगडीकडे पाठ केली.

ते जुलेखाला सहन झालं नाही. लिलीने घाईघाईने मध्ये तोंड घातलं, "माझा पॅक तू घे ना. तूच वापर."

"तुझ्या नावचं सिम तुझ्या फोनात राहणार. घरी बोलायला दोघींना वेळ एकच, संध्याकाळचा. आणि तुझ्या आईला काय सांगशील?"

"सांगेन काहीतरी."

"का सांगायचं?" जुलेखाचा आवाज चढला. "मी का तुझं ओरबाडून घ्यायचं? मी का लिहायचं की मी एकटी खाते? या बाईच्या हातचं रोज खाऊन कागदावर लिहू की मी एकटी खाते? मी लिहिणार होते. आत्ता जिन्यात येईपर्यंत लिहिणार होते. नाही लिहीत. सवलत घराला एक आहे, आम्ही सहा घरं आहोत. त्यांना मोजता येत नाही, त्यात आमचा काय गुन्हा?"

 आणि मग रखमी बोलली. भाकरीच्या पिठाने माखलेले हात तसेच.

"आमच्या पाड्यावर आली होती फोनची सवलत. टॉवर बसला तेव्हा. गरिबाला फोन स्वस्तात, घरटी एक. साहेबानं छपरं मोजली. आमचं छप्पर एक, भाऊ तीन. म्हणाला, एक मिळंल. माझ्या सासूनं त्याचा हात धरला न् आत नेला. तीन चुली दाखवल्या. तिन्हींत निखारे होते. म्हणाली, छप्पर नको मोजू, चूल मोज."

"मग?"

"मग तीन दिले."

"अगं पण इथं तर आपली चूल एकच आहे," लिली म्हणाली. "तेच तर नडलंय."

रखमी तिच्याकडे बघत राहिली, जसं एखाद्या शिकल्यासवरल्या माणसाकडे कीव करत बघावं. "इथली नाही गं. आपल्या चुली तिकडं पेटतात. त्या कशावर पेटतात? आपण इथं राबतो त्याच्यावर. त्या दाखवू."

त्या रात्रीच्या जेवणाआधीच सहा घरांना निरोप गेले. संध्याकाळचा स्वयंपाक चालू असताना चुलीचा फोटो काढून पाठवा, का ते विचारू नका. साहजिकच सगळ्यांनी का ते विचारलं. पण फोटो आले. जव्हारची तीन दगडांची चूल, तिच्यावर काळंठिक्कर भगुणं. फोटो पाठवायला रखमीचा दीर टेकडीवर चढला होता. श्रीवर्धनला मैमुनाबीच्या सुनेचा गॅस, शेजारी पापलेट. वसईला लिलीच्या आईने शेगडी आधी घासून लख्ख केली आणि मग फोटो काढला, त्यामुळे तिच्यावर काही शिजत नव्हतं. लिलीने तिला परत काढायला लावला. दाभोळच्या फोटोत शेगडीच्या कडेला अलिनाचा अर्धा चेहरा आला होता, कॅमेऱ्याकडे न बघणारा.

शुक्रवारी मशिनांची सफाई असते, लाँड्रीला सुट्टी. जुलेखा न् मैमुनाबीची नमाज उरकल्यावर सहाजणी निघाल्या, मॉलमधल्या फोन कंपनीच्या शोरूममध्ये. जुलेखाने बुरख्यावर नवी ओढणी घेतली होती. मैमुनाबीच्या हातात डेग होती, झाकणावर फडकं बांधलेली.

"बी, ती कशाला?"

"किती वेळ लागेल कुणाला ठाऊक. उपाशी का बसायचं?"

दारातून डॅरिलने पाहिलं. "काय तमाशा चाललाय? कंपनीचं नाव खराब होईल."

"कंपनीचं नाव आम्ही रोज धुतो, डॅरिलसर," जुलेखा म्हणाली. "आज आमचं काम आहे." आणि त्याचे कोरे फॉर्म तिने त्याच्याच टेबलावर परत ठेवले.

शोरूममध्ये काउंटरवर नबिला म्हणून मुलगी होती, हैदराबादची, गोड बोलणारी. तिने हिंदीत नियम समजावला. जुलेखाने हिंदीत ऐकून घेतला, आणि सहा फोन काउंटरवर ओळीने मांडले. "ही सहा घरं. बघा. सहा चुली."

नबिलाने फोटो पाहिले. पापलेटाकडे जरा जास्त वेळ पाहिलं. "पण आंटी, फॉर्ममध्ये इथला पत्ता आहे. इथे तुम्ही एकत्र जेवता. तुम्हीच लिहिलंय."

"लिहिलंय. खरं आहे. बदलणार नाही."

"मग मी काही करू शकत नाही. नेक्स्ट टोकन."

पुढचं टोकन मैमुनाबीचं होतं. तिने तेच सांगितलं. त्याच्या पुढचं रखमीचं. मग करेन, मग शुभ्रा. सहावं लिलीचं. नबिला म्हणाली, "तुमचं तर पास आहे, मॅडम."

लिली इंग्रजीत म्हणाली, की तेच परत द्यायला आले. एक घर म्हणताय ना, मग एकीने घेऊन पाचजणींच्या समोर बसून वापरायचं, हे आमच्या घरात चालत नाही.  तिची आई वसईला एकटी असते, तिलाही त्या पॅकची गरज होती. जुलेखाने तिचा दंड घट्ट धरला.

सहाही जणींनी पुन्हा मशिनमधून टोकनं काढली आणि बाकावर बसल्या. दोन वाजले. मैमुनाबीने फडकं सोडलं. सुकटाच्या भाताचा वास त्या थंडगार, काचेच्या शोरूममध्ये असा पसरला की महागडे फोन बघणारे लोक माना वळवू लागले. नेपाळी वॉचमन धावत आला. इथे खाणं अलाउड नाही. मैमुनाबीने त्याच्याकडे वर पाहिलं. "सकाळपासून उभा आहेस. काही खाल्लंस?" त्याने नाही म्हणायच्या आत ताटली त्याच्या हातात होती. बिचाऱ्याने इकडेतिकडे पाहिलं, खांबाआड गेला आणि खाऊ लागला.

तेवढ्यात सुपरवायझर आला. इजिप्तचा, टाय लावलेला, वैतागलेला. हे काय चाललंय, मदाम?

जुलेखा उठली. आता तिला भीती नव्हती, आणि भाषेचंही काही नव्हतं, लिली होतीच. "साहेब, तो वॉचमन बघा. तो आमच्या डेगीतलं जेवतोय. आता तोही आमच्या घरातला का? त्याची सवलत आमच्यात धरणार? तुम्ही दुपारी या मुलीबरोबर डबा खाता ना, मग तुम्ही दोघं एक घर?"

नबिलाने तोंडावर हात धरला. खांबाआड वॉचमनला ठसका लागला.

"कुणाबरोबर जेवता ते विचारलंत, आम्ही खरं सांगितलं," जुलेखा म्हणाली. "कुणासाठी राबता ते विचारा. तेही खरं सांगतो." आणि तिने सहा चुली पुन्हा त्याच्यासमोर मांडल्या.

सुपरवायझरने एकेक फोटो पाहिला. मग त्याने दाभोळच्या फोटोवर बोट ठेवलं. ही मुलगी कोण?

 जुलेखाने शोरूमचं फुकट वायफाय जोडलं, ॲप उघडलं आणि तिथेच, काउंटरवर फोन उभा करून दाभोळला कॉल लावला. नादियाने उचलला, अलिनाला समोर बसवलं. पोरीचा चेहरा आला, स्वच्छ, केसाची बट न् बट दिसावी असा. जुलेखाने खूण केली, जेवलीस का? आणि थांबली. चित्र थिजायची वाट बघत. चित्र थिजलं नाही. पोरीने ताबडतोब उत्तर दिलं, मासा आवडला नाही. मग जुलेखाचे हात सुटले. शाळा, केस, मामी, पडलेला दात. पाच मिनिटं काउंटरवरचं टोकन पुढे सरकलं नाही. बघ्यांना त्यातलं एक अक्षर कळलं नसेल.

फोन ठेवल्यावर सुपरवायझर म्हणाला, नियम मी केलेला नाही. वर पाठवतो, तुमच्या फोटोंसकट. उत्तर कधी येईल सांगता येत नाही. इन्शाल्ला.

"पाठवा," जुलेखा म्हणाली. "तोपर्यंत आम्ही शुक्रवारी इथेच येऊन बोलू. तुमचं नेट चांगलं आहे. आणि डेग मोठी आहे."

आणि त्या गेल्या. पुढच्या शुक्रवारी गेल्या, त्याच्या पुढच्याही गेल्या. डॅरिलने शेगडी उचलून न्यायची धमकी दिली, तेव्हा रखमीने तिच्यावर पाण्याचं आधण ठेवलं आणि त्याला म्हणाली, न्या. त्याने नेली नाही. दुसऱ्या खेपेला वॉचमनने स्वतःची ताटली आणली. तिसऱ्या खेपेला सतरा नंबरच्या खोलीतल्या आठजणी आपली चूक दुरुस्त करून आल्या, म्हणजे आधी लिहिलेलं 'नाही' खोडून 'होय' लिहून. त्यांच्यातली एक घाबरट बाई वाटेत दोनदा परत फिरली होती, तिला मैमुनाबीने बखोटीला धरून आणलं.

चौथ्या सोमवारी लाँड्रीत प्रेसच्या मशिनपाशी सहा फोन पाठोपाठ वाजले. सहाही अर्ज मंजूर. कारण वगैरे काही दिलं नव्हतं. माफी तर नव्हतीच. सातवा प्रश्न मात्र नव्या फॉर्मवर राहिला नाही, असं लिलीने नंतर पाहून सांगितलं. शुभ्रा ओल्या चादरीवरच बसली आणि हसायला लागली.

त्या संध्याकाळी जुलेखाने आपल्या पलंगावरून, आपल्या फोनवरून दाभोळला कॉल लावला. मागे डेगीत काहीतरी रटरटत होतं. अलिना समोर आली. जुलेखाने हात उचलला, विचारलं, आज शाळेत काय झालं? आणि सवयीने हात तसाच धरून थांबली.

तिकडे अलिनाच्या कपाळाला आठी पडली. तिने फोनजवळ येऊन निरखून पाहिलं. मग दोन्ही हातांनी, आईला रागे भरल्यासारखं, भराभर विचारलं, नेट तर चालतंय, तू का थांबलीस? हात हलव की. बोल.

जुलेखाला हात हलवता येईना. डोळ्यांना पाणी आलं आणि समोरचं काही दिसेना.

पोरीने वाट पाहिली. मग शाळेतून परत आलेल्या पोरीने दारातून आईला हाक मारावी तशी तिने बोट उचललं आणि आपल्या नाकपुडीला लावलं. एकदा. उत्तर येईना म्हणून पुन्हा.